कोपऱ्यातली पायली

निवृत्त माणसाने आपला वेळ कसा घालवावा, हे सांगणारी माणसे आपल्याकडे निवृत्त माणसांपेक्षा जास्त आहेत. पहाटे फिरायला जा, ज्ञानेश्वरी वाचायला घ्या, बागेत गोल उभे राहून हसा, नातवाला शाळेच्या बसपर्यंत सोडा, असा सगळा सल्ला मला ऑफिसातल्या निरोप समारंभातच नारळाबरोबर मिळाला. मी आज्ञाधारक माणूस आहे. एकेक आठवडा सगळे करून पाहिले. पहाटे कुत्र्यांनी मला ओळख द्यायला नकार दिला. ज्ञानेश्वरी घेऊन बसलो की पहिल्या अध्यायातच अर्जुनासारखी माझीही गात्रे गळत आणि मी घोरू लागे. बागेतल्या हास्यमंडळात हसू येईना आणि घरी आल्यावर ते आठवून थांबेना. शेवटी वयाच्या ६५ व्या वर्षी मला व्यसन लागले. आमच्या घराण्यात तपकिरीच्या पलीकडे कुणी गेले नव्हते. मी २०४८ च्या मागे लागलो.

२०४८ हे साल नव्हे. सौ.ला आधी तसेच वाटले होते. मी झोपेत "दोन हजार अठ्ठेचाळीस, दोन हजार अठ्ठेचाळीस" असे पुटपुटतो हे ऐकून तिने समजूत करून घेतली, की मी तिच्यापासून लपवून कुठलीतरी विम्याची पॉलिसी उतरवली आहे. "अहो, तेव्हा तुम्ही अठ्ठ्याऐंशीचे असाल," ती बोटांवर हिशेब करून म्हणाली, "ते पैसे घेऊन करणार काय?" हा एक खेळ आहे असे मी सांगितल्यावर तिला जे दुःख झाले, ते पॉलिसी नसल्याचे होते की खेळ असल्याचे, हे मला अजून कळलेले नाही.

तर हा खेळ कॉम्प्युटरवर इंटरनेटचे पान उघडले की समोर येतो. पैसे पडत नाहीत, नाव नोंदवावे लागत नाही, सहीच्या तीन प्रती लागत नाहीत. चार आडवी, चार उभी अशी सोळा घरे. सुरुवातीला त्यांत दोन आकडे असतात. कीबोर्डावरच्या चार बाणांपैकी एक दाबला की सगळे आकडे त्या दिशेला भिंतीपर्यंत सरकतात. एस.टी.चा कंडक्टर "पुढे सरका, पुढे सरका" म्हणतो तसेच, फरक एवढाच की इथे खरोखर सरकतात. सरकताना दोन सारखे आकडे एकमेकांवर आदळले की त्यांचा एक दुप्पट आकडा होतो. दोन नि दोन चार, चार नि चार आठ, असे करत २०४८ गाठायचे. पण प्रत्येक खेळीनंतर एका रिकाम्या घरात नवा आकडा टपकतो. दहांत नऊ वेळा दोन, एखाद्या वेळी चार. सोळाही घरे भरली आणि जुळण्यासारखे शेजारी उरले नाहीत, की खेळ खलास. नियम इतके सोपे आहेत की माझ्या नातवाला ते अर्ध्या मिनिटात समजले. मला समजायलाही तेवढाच वेळ लागला. बाकीचे सहा महिने जिंकण्यात गेले.

हा खेळ रचणारा गॅब्रिएले चिरुली नावाचा इटालियन मुलगा तेव्हा अवघा १९ वर्षांचा होता. मार्च २०१४ मध्ये त्याने तो शनिवार-रविवारच्या सुटीत बसून तयार केला. आपल्याला एखादा खेळ पहिल्यापासून रचता येतो का, एवढेच त्याला पाहायचे होते. आठवडाभराच्या आत चाळीस लाखांवर लोक त्याच्या पानावर येऊन गेले. पोराने वर त्याचे सगळे आतले कामही कुणीही घ्यावे म्हणून खुले करून टाकले. आता न्यायाने सांगायचे, तर कल्पना मुळात त्याची नव्हती. महिनाभर आधीच 'थ्रीज' नावाचा अशाच जातीचा खेळ बाजारात आला होता आणि तो रचणाऱ्यांनी त्यासाठी सुमारे १४ महिने रक्त आटवले होते. त्यांनी चौदा महिने वनवास भोगला आणि गर्दी जमली ती या दोन दिवसांच्या रामराज्याला. त्यांच्या दुःखाची कल्पना मी करू शकतो. नोकरीत माझी दोन प्रमोशने अशीच गेली.

मी हिशेबखात्यात ३६ वर्षे काढली आहेत. त्यामुळे आकड्यांचा खेळ म्हटल्यावर मला वाटले, हा आपल्या घरचा मामला. पहिले तीन आठवडे मी जी व्यूहरचना अवलंबिली, तिला 'चारी दिशा मोकळ्या' म्हणता येईल. दिसेल त्या जोडीवर झडप घालायची. वर दोन चौक दिसले, वर. डावीकडे दोन अठ्ठे दिसले, डावीकडे. प्रत्येक जोडी जुळली की छातीत गोड कळ यायची. शंभरएक खेळ्यांत पट असा दिसू लागे, की जणू लग्नघरी पंगत उठल्यावरचा मांडव. कुठे एक १२८ कोपऱ्यात फुगून बसलेला, दुसरा १२८ थेट समोरच्या टोकाला, आणि दोघांच्या मध्ये दोन-चार-दोन-चार अशी चिल्लीपिल्ली. दोन व्याही एकाच मांडवात असून एकमेकांना भेटू शकत नाहीत, तशी त्यांची अवस्था होई. माझा डाव २५६ वर आटपे. फार दैव उघडले तर ५१२.

मग मी वही घातली. वही घातली की हिशेबखात्यातल्या माणसाला विषय सुटल्यासारखा वाटतो. नव्या आकड्याची सरासरी काढली, ती आली २.२. त्यावरून २०४८ गाठायला निदान सव्वानऊशे खेळ्या हव्यात असे निघाले. वहीच्या पानावर मी हे लाल शाईने अधोरेखित केले आणि त्या दिवशी ६४ वर मेलो.

शेवटी नातवाला शरण गेलो. तो सहावीत आहे. त्याने पाच मिनिटे माझा खेळ पाहिला आणि डॉक्टर पेशंटच्या नातेवाइकांना बाहेर नेऊन सांगतात त्या आवाजात म्हणाला, "आजोबा, तुम्ही सगळ्यांना खूश करायला बघता. एक कोपरा धरा."

सारे शास्त्र त्या तीन शब्दांत आहे. तरी वाचकांच्या सोयीसाठी फोड करून सांगतो. सर्वांत मोठा आकडा एका कोपऱ्यात बसवायचा, समजा खाली डावीकडे. एकदा बसला की जगबुडी झाली तरी त्याला हलवायचे नाही. त्याच्या शेजारी त्याच्याहून लहान, त्याच्या शेजारी आणखी लहान, अशी तळाची ओळ उतरत्या भाजणीने लावायची. ती संपली की वरची ओळ उलट दिशेने, म्हणजे साप वळतो तशी. तळाची ओळ भरलेली आणि शेजारी-शेजारी वेगळे आकडे असलेली असेल, तर डावे-उजवे केले तरी ती जागची ढळत नाही. ती भरलेली नसेल, तर उजवा बाण दाबायचा नाही, कारण मोठा आकडा घसरून जातो. तेव्हा फक्त डावा आणि खालचा. आणि वरचा बाण? तो कधीच दाबायचा नाही. चार दिशांपैकी एक दिशा आपल्याला देवाने दिलेलीच नाही, असे समजून खेळायचे.

हे ऐकायला सोपे आहे. पण पट असा अडतो, की डावे होत नाही, उजवे होत नाही, खाली होत नाही, वरचा एकच रस्ता उघडा असतो. झक मारत वरचा बाण दाबावा लागतो. लगेच खालचा दाबून सगळ्यांना जागेवर आणू, असे आपण मनाशी म्हणतो. पण तेवढ्या निमिषात नेमका त्या कोपऱ्यात एक दोन येऊन बसतो. एस.टी.त खिडकीची जागा धरून बसलेला माणूस पाणी प्यायला खाली उतरतो आणि परत येतो तो तिथे कुणाचा तरी रुमाल, त्यातला प्रकार. पाचशेबाराचा धनी उभा आणि दोनाचा पोरगा खिडकीशी. त्याला उठवता उठवता पुढे सगळा डाव जातो.

बोटाला सवय लागलेली असल्याने मी वरच्या बाणाच्या कळीवर चिकटपट्टी लावली. सौ.ने झाडताना पाहून विचारले, "याला काय लागलं?" मी कारण सांगितले. ती म्हणाली, "नशीब. मला वाटलं, तुम्हाला लागलं."

या शास्त्राने मी १०२४ पर्यंत पोचलो. तिथून पुढे महिनाभर हललो नाही. आणि याच सुमाराला आमच्या घरात एक घटना घडली, तिचा या खेळाशी काही संबंध आहे असे मला तेव्हा वाटले नव्हते.

आमच्या आईचे वय ८७. गेल्या दोन-अडीच वर्षांपासून तिच्या आठवणी शेवटाकडून पुसल्या जात आहेत. काल काय झाले ते आठवत नाही, पण १९५० साली कोणत्या आत्याच्या लग्नात कोण रुसले होते ते विचारा. जेवून हात धुतला की विचारते, "जेवायचं कधी?" मला कधी कधी माझा मामा समजते आणि शेतीच्या वाटणीवरून बोलते. तिची खाट हॉलच्या कोपऱ्यात, खिडकीशी. तिथून तिला दार दिसते, स्वयंपाकघर दिसते, खालचा रस्ता दिसतो. कुकरच्या किती शिट्ट्या झाल्या हे तिला ठाऊक असते, फक्त तो कुकर आजचा की कालचा एवढाच घोळ.

चिरंजीवांनी भिंतीएवढा टीव्ही घेतला. एवढा टीव्ही लावण्याजोगी भिंत घरात एकच होती, ती आईच्या कोपऱ्याची. तेव्हा आईला आतल्या खोलीत हलवायचे ठरले. "आत तिला शांतता मिळेल," असे आम्ही सगळे एकमेकांना सांगत होतो. आपल्या सोयीची गोष्ट करताना दुसऱ्याच्या शांततेची काळजी वाटू लागते, हा माझा आयुष्यभराचा अनुभव आहे. रविवारी खाट आत गेली. मीच पुढचे पाय धरले होते.

तिसऱ्या रात्री दोनच्या सुमाराला मी हॉलमध्ये कॉम्प्युटरपुढे बसलो होतो. मागे चाहूल लागली. पाहतो तो आई. अंगावर शाल, हातात तिची कापडी पिशवी. भिंत चाचपत चाचपत आली होती.

"दादा," मला म्हणाली, "मला घरी सोड रे. अंधार पडलाय. आई वाट बघत असेल."

माणूस पासष्टाचा झाला तरी काही वाक्यांना उत्तर तयार नसते. "हेच आपलं घर" हे मी तिला दोन दिवसांत दहादा सांगून झाले होते आणि दर वेळी तिचा चेहरा आणखीच केविलवाणा झाला होता. मी काही बोललो नाही. शेजारची खुर्ची ओढली, तिला बसवले, पिशवी मांडीवर ठेवली. काय करावे सुचेना, म्हणून अर्धा राहिलेला डाव पुढे खेळू लागलो. थोड्या वेळाने ती पुढे वाकली.

"हे काय मांडलंयस?"

"आकडे आहेत, आई. दुप्पट करत जायचं."

ती ओठ हलवत पाहत राहिली. दोन, चार, आठ, सोळा. मग एकदम म्हणाली, "आकडे कुठले? मापं आहेत ही. निळवं, कोळवं, चिपटं, मापटं, शेर, अधोली, पायली."

तिने पटावर बोट ठेवत ठेवत सांगितले. दोनावर निळवे, चारावर कोळवे, आठावर चिपटे, सोळावर मापटे, बत्तिसावर शेर, चौसष्टावर अधोली, एकशेअठ्ठाविसावर पायली. दोन निळव्यांचे कोळवे, दोन कोळव्यांचे चिपटे, प्रत्येक पायरी दुपटीची. मी तोंड उघडे टाकून ऐकत राहिलो. आईच्या वडिलांचे घाटावरच्या एका तालुक्याच्या गावी भुसाराचे दुकान होते आणि शाळा सुटल्यावर लग्न होईपर्यंत ती गल्ल्याशी बसत असे, हे मला माहीत होते. १९५६ साली वजनमापांचा नवा कायदा झाला, पुढे किलो आणि लिटर आले आणि शेर-पायली हळूहळू पेठेतून उठली. माझ्यासाठी ती फक्त म्हणींत उरली होती. आईच्या डोक्यात सगळी मापे घासूनपुसून जागच्या जागी होती.

"आणि पुढं?" मी विचारले. "दोन पायल्या, चार पायल्या, आठ पायल्या, सोळा पायल्या?"

"सोळा पायल्यांचा मण," ती म्हणाली. "कुठं बारा पायल्यांचा असतो. आमच्याकडं सोळाचा."

मी मनातल्या मनात गुणाकार केला. १२८ गुणिले १६. वही लागली नाही. २०४८. सहा महिने मी ज्याच्या मागे धावत होतो, तो एक मण होता.

मग दुकान सुरू झाले. ती गल्ल्यावर आणि मी नोकर. ती "डावीकडं सार", "खाली बसव" म्हणे आणि मी बाण दाबी. तिला घाई नव्हती. एखादी जोडी समोर दिसत असूनही ती ती घेत नसे. "राहू दे, पळून जात नाही," म्हणे. मोठे माप कोपऱ्यात, त्याच्याजवळ त्याहून लहान, मग त्याहून लहान, हे तिला कुणी शिकवले नव्हते. मी कारण विचारले, तर तिने माझ्याकडे नव्या नोकराकडे पाहतात तसे पाहिले.

"दुकानात मापं अशीच ठेवतात. पायली कोपऱ्याला, तिच्याशेजारी अधोली, मग शेर. दिवा गेला तरी अंधारात हात घातला की माप सापडलं पाहिजे."

एकदा पट अडला आणि मी चिकटपट्टीकडे बोट नेले. तिने चटकन माझे मनगट धरले. "पायली कशाला उचलतोस? उचलली की दाणे खाली जातात. मग बसत नाही ती नीट."

मी पाहिले, तर उजवीकडे एक खेळी शिल्लक होती. मला ती दिसलीच नव्हती.

पहाटे चारला आठ पायल्या झाल्या. "आज पुरे," आई म्हणाली आणि खुर्चीतच पेंगू लागली. मी पडद्याकडे पाहत बसलो. कोपऱ्यातला आकडा उचलू नये, उचलला तर पुन्हा जागेवर बसत नाही, हे मी वहीत लाल शाईने लिहिले होते. आणि रविवारी खाटेचे पुढचे पाय मीच धरले होते.

सकाळी आईला रात्रीचे काही आठवत नव्हते. मी चिरंजीवांना उठवले. खाट पुन्हा हॉलच्या कोपऱ्यात आली आणि टीव्ही आत गेला. चिरंजीव कुरकुरले, "बाबा, मॅच काय पलंगावर पडून बघायची?" मी म्हटले, "आत तुला शांतता मिळेल." सौ. काही बोलली नाही. तिने फक्त आईची पिशवी पूर्वीच्या खुंटीला अडकवली. त्या रात्री आई उठली ती पाणी प्यायला, आणि पिऊन परत आपल्या खाटेवर गेली. अंधारात, भिंत न चाचपता.

आता रोज संध्याकाळी आमचे दुकान उघडते. तिला रोज नव्याने सांगावे लागते की हे काय आहे, आणि रोज ती नव्याने म्हणते, "आकडे कुठले? मापं आहेत ही." कधी चार पायल्यांवर बंद होते, कधी आठ. मागच्या महिन्यात एका संध्याकाळी कोपऱ्यात दोन आठ-पायल्या शेजारी आल्या. डावा बाण दाबला आणि २०४८ उमटला. मी एवढ्या जोरात ओरडलो की सौ. लाटणे घेऊन बाहेर आली.

"आई, मण भरला!"

आईने चष्मा सारखा केला. "शिगेचा की सपाट?"

खेळात याचीही सोय आहे. २०४८ झाल्यावर थांबा किंवा पुढे चालू ठेवा, असे तो विचारतो. शीग किती लागू शकते, तर सगळे योग जुळून आले तर १,३१,०७२ पर्यंत. म्हणजे ६४ मण, असे मी आईला सांगितले.

"तीन खंडी चार मण," ती डोळ्याचे पाते लवायच्या आत म्हणाली. वीस मणांची खंडी हे मला आठवून भागाकार होईपर्यंत तिचा पुढचा प्रश्न आला होता.

"जेवायचं कधी?"

जेवणे होऊन अर्धा तास झाला होता. पूर्वी मी तसे सांगत असे आणि वाद होई. आता या प्रश्नाला वरचा बाण दाबायचा नाही, असा घरात नियम आहे. सौ. आत गेली आणि वाटीत दोन घास दहीभात कालवून घेऊन आली. आईने वाटी हातात घेऊन तिरपी केली, आत निरखून पाहिले आणि सुनेला म्हणाली,

"अगं, हे तर निळवंसुद्धा भरत नाही."